न छापलेली छायाचित्रे



एखाद्या पुस्तकातून पाच चित्रे काढून टाकली तर त्या पुस्तकाचे काय बिघडते? वरवर पाहता काहीच नाही. शब्द जागच्या जागी असतात, प्रकरणे तीच, युक्तिवाद तोच. व्हर्जिनिया वुल्फ या इंग्रज लेखिकेचे ‘थ्री गिनीज’ हे पुस्तक मी प्रथम वाचले ते विद्यार्थिदशेत, जुन्या पुस्तकांच्या दुकानात मिळालेल्या एका स्वस्त आवृत्तीत. पुस्तक युद्धाविरुद्ध आहे, स्त्रियांच्या शिक्षणाविषयी आणि मिळकतीविषयी आहे, एवढे कळले. लेखिका जागोजागी छायाचित्रांचा उल्लेख करते, हेही दिसले. परंतु पुस्तकात एकही छायाचित्र नव्हते. तेव्हा ही त्यांची बोलण्याची एक लकब असावी, असे म्हणून मी पुढे गेलो. पुष्कळ वर्षांनी समजले की १९३८ साली हे पुस्तक प्रथम निघाले तेव्हा त्यात पाच छायाचित्रे होती, आणि नंतरच्या अनेक आवृत्त्यांतून ती गळून गेली होती. त्याहूनही चकित करणारी गोष्ट पुढेच होती. लेखिका ज्या छायाचित्रांविषयी वारंवार बोलते, ती ही पाच नव्हेतच! ज्यांच्याविषयी ती बोलते ती तिने छापली नाहीत, आणि जी छापली त्यांचा मजकुरात थेट उल्लेख नाही.

हा उलटा व्यवहार तिने का केला, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे. तो वाटतो तितका लहान नाही, असे मला दाखवावयाचे आहे.

या प्रश्नाचा उलगडा करताना ज्यांच्या ग्रंथांचा मला फार उपयोग झाला, त्या मॅगी हम्म या लंडनच्या विदुषी. ईस्ट लंडन विद्यापीठात त्या प्राध्यापक होत्या. ‘मॉडर्निस्ट विमेन अँड व्हिज्युअल कल्चर्स’ हा त्यांचा ग्रंथ २००२ सालचा, आणि ‘स्नॅपशॉट्स ऑफ ब्लूम्सबरी’ हा २००६ सालचा. पुढे २०१० मध्ये वुल्फ आणि कला या विषयावरचा एक जाडजूड निबंधसंग्रहही त्यांनी संपादित केला. साहित्याच्या अभ्यासकाने हस्तलिखिते धुंडाळावी, पत्रे वाचावी, दैनंदिन्या चाळाव्या, अशी आपली सर्वसाधारण समजूत. हम्मबाईंनी चाळले ते घरगुती आल्बम. व्हर्जिनिया आणि त्यांचे पती लेनर्ड यांचे आल्बम अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठाच्या संग्रहात आहेत, आणि व्हर्जिनियाची थोरली बहीण, चित्रकार व्हनेसा बेल, हिचे आल्बम लंडनच्या टेट या कलासंग्रहालयाच्या दफ्तरखान्यात आहेत. त्यांत काय आहे म्हणाल, तर आपल्या घरच्या आल्बमात असते तेच! बागेत बसलेले पाहुणे, समुद्रावरची मुले, कुत्री, खुर्च्या. चरित्रकार अशा आल्बमांकडे वळतात ते पुस्तकात घालण्यासाठी चार बरी चित्रे निवडण्यापुरते. हम्मबाईंनी मात्र आल्बम हाच एक ग्रंथ मानून वाचला. कोणते चित्र कोणाशेजारी चिकटवले आहे, कोणती बैठक पुनःपुन्हा येते, कोण चित्रात आहे आणि कोण कडेला उभे आहे, हे त्यांनी पाहिले. आपल्याकडे लग्नाचा आल्बम पाहताना घरातल्या आत्याबाई हेच काम मोठ्या बारकाईने करतात. त्यांना कोणी समीक्षक म्हणत नाही इतकेच.

वुल्फबाईंना चित्राचा हा वारसा आजोळाकडून आला, आणि त्या आजोळाचा पत्ता कलकत्त्याचा आहे, हे आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसेल. त्यांची आई ज्युलिया जॅक्सन हिचा जन्म १८४६ साली कलकत्त्यात झाला. वडील तेथे डॉक्टर होते. या ज्युलियाची मावशी म्हणजे ज्युलिया मार्गारेट कॅमेरॉन. तिचाही जन्म कलकत्त्याचाच, १८१५ सालचा. तिचे यजमान चार्ल्स हे कॅमेरॉन हे मेकॉलेच्या कायदा आयोगावर होते. म्हणजे ज्या दंडसंहितेचा अंमल आपल्यावर २०२४ च्या जूनअखेरपर्यंत होता, तिच्या पहिल्या मसुद्यामागच्या मंडळींत हा मावसआजोबा होता. पण तो विषय कायदेपंडितांचा. आपल्याला हवी ती मावशी.

या बाई विलायतेत परतल्यावर वाइट बेटावर राहत होत्या. अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, १८६३ च्या डिसेंबरात, मुलीने त्यांना एक कॅमेरा भेट दिला. ज्या वयात त्या काळच्या बायका लोकरीचे विणकाम हाती घेत, त्या वयात या बाईंनी कोंबड्यांच्या खुराड्याचा स्टुडिओ केला आणि कोळसे ठेवण्याच्या खोलीत रसायनांच्या बाटल्या मांडल्या. तेव्हाची छायाचित्रणाची रीत मोठी कष्टाची होती. काचेवर रसायन पसरायचे, ती ओली असतानाच कॅमेऱ्यात घालायची, समोरच्या माणसाला मिनिटामिनिटांपर्यंत निश्चल बसवायचे आणि काच वाळण्याच्या आत ती धुऊन काढायची. टेनिसन, डार्विन, कार्लाइल, हर्शेल अशी त्या युगातली दिग्गज मंडळी या बाईंच्या तडाख्यात सापडली. चित्रे किंचित धूसर असत. छायाचित्रणाच्या धंद्यातील जाणत्यांनी त्याला दोष म्हटले. बाईंनी तोच आपला गुण मानला. पुढे १८७५ मध्ये नवराबायको सिलोनला गेली. जाताना आपल्या शवपेट्याही सामानात बरोबर नेल्या होत्या, ही घराण्यातली कथा वुल्फबाईंनी मोठ्या चवीने सांगितली आहे. या मावशीवर त्यांनी ‘फ्रेशवॉटर’ नावाचे एक प्रहसनही लिहिले आणि जानेवारी १९३५ मध्ये व्हनेसाच्या स्टुडिओत घरच्याच मंडळींनी त्याचा प्रयोग केला.

१९२६ साली वुल्फ दांपत्याच्या होगार्थ प्रेसने या मावशीच्या छायाचित्रांचे एक पुस्तक काढले. प्रस्तावना दोन; एक वुल्फबाईंची आणि दुसरी कलासमीक्षक रॉजर फ्राय यांची. पुस्तकाच्या नावात व्हिक्टोरियन काळातील कीर्तिमान पुरुष आणि रूपवती स्त्रिया यांची छायाचित्रे, असा उल्लेख होता. या नावावर मी जरा थांबतो. पुरुष असतील ते कीर्तिमान, स्त्रिया असतील त्या रूपवती! एकाच कॅमेऱ्यासमोर, एकाच खुराड्यात ही दोन्ही माणसे बसली; पण एकाने आपले कर्तृत्व बरोबर आणले, तर दुसरीकडे आणण्यासारखा चेहरा तेवढा होता. हे नाव ठेवताना त्यातला उपरोध वुल्फबाईंच्या मनात होता असे माझे मत आहे. बारा वर्षांनी ‘थ्री गिनीज’मध्ये जी पाच छायाचित्रे आली, त्यांत कीर्तिमान पुरुषच तेवढे आहेत, रूपवती एकही नाही.

रूपवती स्त्रियांपैकी मावशीची सर्वांत आवडती म्हणजे तिची भाची, व्हर्जिनियाची आई. तिची १८६७ च्या सुमाराची छायाचित्रे आजही पाहणाऱ्याला थबकवितात. व्हर्जिनियाची आई १८९५ च्या मे महिन्यात वारली, तेव्हा मुलगी तेरा वर्षांची होती. जी आई डोळ्यांदेखत गेली ती नंतर घरात राहिली ती भिंतीवर आणि आल्बमात. सेंट आइव्ह्ज येथील टॅलंड हाउसमधले १८९३ सालचे एक छायाचित्र आहे. आई आणि वडील लेस्ली स्टीफन पुस्तके वाचीत बसले आहेत आणि मागे, अर्धवट सावलीत, लहानगी व्हर्जिनिया त्यांच्याकडे पाहत आहे. हम्मबाईंचे म्हणणे असे की, पुढे आपल्या रॉडमेलच्या घरी पाहुण्यांना खुर्चीत बसवून वुल्फबाईंनी जी चित्रे काढली वा काढविली, त्यांच्या मांडणीमागे हे जुने चित्र उभे आहे. हा तर्क कोणाला ओढूनताणून आणलेला वाटेल. मलाही प्रथम तसाच वाटला. पण १९२७ सालची ‘टू द लाइटहाउस’ ही कादंबरी जवळ ठेवून आल्बमाकडे पाहावे. तीत लिली ब्रिस्को ही चित्रकार, गेलेल्या गृहिणीच्या आठवणीने व्याकूळ होऊन, दहा वर्षांपूर्वी अपुरे राहिलेले चित्र पुरे करते. व्हनेसाने ती कादंबरी वाचून बहिणीला कळविले होते की आई जणू मृत्यूतून उठून समोर आली. चित्रकार बहिणीने लेखिका बहिणीला दिलेली ही पावती आहे. या लिलीने हम्मबाईंनाही असे झपाटले की २०२० मध्ये तिला नायिका करून त्यांनी ‘टॅलंड हाउस’ ही स्वतःची कादंबरी प्रसिद्ध केली. अभ्यासक फार काळ एखाद्या घरात राहिला की केव्हातरी त्यालाही किल्ली मिळते!

चित्रकलेकडे वळू या. नोव्हेंबर १९१० मध्ये लंडनच्या ग्राफ्टन गॅलरीत रॉजर फ्राय यांनी सेझान, गोगँ, व्हॅन गॉग, मातीस प्रभृतींच्या चित्रांचे प्रदर्शन भरविले. लंडनकर आले, हसले, चिडले. लहान मुलाने काढावे तसे हे काय काढले आहे, हा त्यांचा सवाल होता. तो सवाल जगात सर्वत्र एकाच भाषेत विचारला जातो. दोन वर्षांनी दुसरे प्रदर्शन भरले तेव्हा सिलोनची सरकारी नोकरी सोडून आलेले आणि नुकतेच विवाहबद्ध झालेले लेनर्ड वुल्फ त्याचे चिटणीस होते; लोकांच्या शेऱ्यांना रोज तोंड देण्याचे काम त्यांच्याकडे आले. पुढे १९२४ मध्ये कादंबरीवर लिहिताना वुल्फबाईंनी एक धाडसी विधान केले : माणसाचा स्वभावच १९१० च्या डिसेंबरच्या आसपास पालटला. लोक या विधानाची आजही थट्टा करतात. पण त्यातले मर्म एवढेच की, वस्तूचे बाहेरचे रूप हुबेहूब उतरवणे म्हणजे ती वस्तू दाखवणे नव्हे, ही गोष्ट साहित्यिकांच्या आधी चित्रकारांनी ओळखली होती आणि ती वुल्फबाईंनी शेजारच्या खोलीतून ऐकली.

शेजारच्या खोलीतून म्हणण्याचे कारण, त्यांच्या घरात लेखन आणि चित्र ही दोन स्वतंत्र खाती नव्हतीच. १९१७ साली नवराबायकोने एक हातछापखाना घेतला आणि तो रिचमंडच्या घरात जेवणाच्या खोलीत बसवला. खिळे जुळविण्याचे काम वुल्फबाई स्वतः करीत. १९१९ मध्ये ‘क्यू गार्डन्स’ ही कथा त्यांनी छापली, तीत व्हनेसाची काष्ठचित्रे होती. ‘जेकब्ज रूम’पासून मुखपृष्ठेही व्हनेसाकडे आली. पुस्तकविक्रेत्यांना ती पसंत पडेनात. मुखपृष्ठावर नायक नाही, नायिका नाही, मग गिऱ्हाईक पुस्तक उचलणार कसे? मला वाटते, अक्षर कोठे बसते आणि चित्र कोठे, मध्ये पांढरी जागा किती, हे ज्या लेखिकेने शाईने बरबटलेल्या हातांनी ठरविले, ती पुस्तकात चित्र सहज घालीत नाही आणि सहज वगळीतही नाही. पुढच्या गोष्टीसाठी एवढे ध्यानात ठेवावे.

सिनेमाविषयी त्यांनी एकच निबंध लिहिला, १९२६ मध्ये. बोलपट अजून यावयाचे होते. एका जर्मन भयपटाच्या प्रयोगात, ‘डॉक्टर कॅलिगारी’च्या वेळी, पडद्याच्या कोपऱ्यात बेडकाच्या पिल्लासारखी एक सावली उगवली, वाढली, थरथरली आणि नाहीशी झाली. ती यंत्रातली चूक होती. पण भीती वाटते असे पात्राने सांगण्यापेक्षा त्या चुकीच्या सावलीतच अधिक भीती होती, असे वुल्फबाईंच्या ध्यानात आले. त्याच निबंधात वार्तापटांविषयी त्यांनी जे म्हटले ते मला अधिक मोलाचे वाटते. दहा वर्षांपूर्वीची लग्ने, शर्यती, समारंभ पडद्यावर दिसतात. त्या हसणाऱ्या माणसांना पुढे महायुद्धाची दरी आहे हे ठाऊक नाही, आपल्याला ठाऊक आहे. चित्र काही सांगत नाही. सांगते ते आपले नंतरचे ज्ञान.

आणि १९२८ मध्ये ‘ऑर्लँडो’ आले. हे एका व्यक्तीचे चरित्र म्हणून सांगितलेले निव्वळ कल्पित. नायक तीनशेहून अधिक वर्षे जगतो आणि मध्येच स्त्री होतो. त्यात चित्रे मात्र खऱ्या चरित्रात असावी तशी घातली आहेत! मैत्रीण व्हिटा सॅकव्हिल-वेस्ट हिला वेगवेगळ्या पोशाखांत उभी करून तिची छायाचित्रे काढली, तिच्या घराण्याच्या वाड्यातली जुनी तैलचित्रे घेतली, आणि रशियन राजकन्या म्हणून चक्क व्हनेसाची लहान मुलगी अँजेलिका हिला सजवली. पोशाख बदलला की माणूस बदलतो, आणि छायाचित्राखाली नाव बदलले की पुरावा बदलतो, हा त्या विनोदामागचा विचार. दहा वर्षांनी हाच विचार विनोद न राहता परत आला.

आता मूळ गोष्टीकडे येतो. १९३१ पासून वुल्फबाई वर्तमानपत्रांची कात्रणे जमवीत होत्या. ती त्यांनी तीन वह्यांत चिकटवून ठेवली. त्या वह्या आज ससेक्स विद्यापीठात आहेत. स्त्रियांनी अमुक नोकरीत येऊ नये असे म्हणणाऱ्यांची भाषणे, युद्धाचा गौरव करणारी वचने, गणवेशातील पुढाऱ्यांची छायाचित्रे असा हा ऐवज. १९३६ च्या जुलैमध्ये स्पेनमध्ये यादवी पेटली. नोव्हेंबरमध्ये एके दिवशी टपालाने त्यांच्याकडे स्पेनहून छायाचित्रांचे एक पाकीट आले : बॉम्बने मेलेल्या मुलांची चित्रे. ही गोष्ट त्यांनी आपला भाचा ज्युलियन बेल याला पत्रात कळविली. व्हनेसाचा हा थोरला मुलगा त्या वेळी चीनमध्ये इंग्रजी शिकवीत होता. पुढच्या वर्षी तो परतला आणि स्पेनला जाण्याचा हट्ट धरून बसला. आई, मावशी, सर्वांनी परोपरीने सांगितले. अखेर बंदुकीऐवजी रुग्णवाहिका चालवावी या तडजोडीवर तो गेला, आणि काही आठवड्यांतच, १८ जुलै १९३७ रोजी, ब्रुनेतेच्या लढाईत मारला गेला. वय एकोणतीस. वुल्फबाईंनी ‘थ्री गिनीज’चा बराच मोठा भाग पुढचे काही महिने मुलगा गमावलेल्या बहिणीच्या उशाशी बसून उठल्यावर लिहिला. लिहिताना आपण मनातल्या मनात त्याच्याशीच वाद घालीत होतो, असे त्यांनीच पुढे म्हटले आहे.

पुस्तकाची रचना पत्राची. एका सुशिक्षित बॅरिस्टराने तीन वर्षांपूर्वी विचारले आहे की, युद्ध टाळावे कसे? त्याला हे उत्तर. गिनी म्हणजे एकवीस शिलिंग. आपल्या जुन्या पिढीला ती सोनाराच्या दुकानातून परिचयाची आहे. वर्गणी मागणारी तीन पत्रे टेबलावर आहेत : एक स्त्रियांच्या महाविद्यालयाचे, एक स्त्रियांना व्यवसायात शिरण्यास साहाय्य करणाऱ्या संस्थेचे आणि तिसरे त्या बॅरिस्टराच्या युद्धविरोधी संस्थेचे. कोणाला गिनी द्यावी आणि कोणत्या अटीवर, हा प्रश्न. याच टेबलावर छायाचित्रे आहेत. स्पेनचे सरकार ती आठवड्यातून दोनदा चिकाटीने पाठवीत असते. एकात एक प्रेत आहे, इतके विद्रूप झालेले की ते पुरुषाचे की स्त्रीचे, की जनावराचे, हे कळत नाही. पण ती मुले मात्र नक्कीच मुलांची प्रेते आहेत. एका घराची बाजू बॉम्बने उडाली आहे आणि दिवाणखाना असावा त्या जागी पक्ष्याचा पिंजरा अजून लोंबतो आहे. हे वर्णन एकदा येते, आणि पुढे सबंध पुस्तकभर ‘प्रेते आणि पडकी घरे’ एवढ्या खुणेने परतत राहते. एखाद्या कीर्तनात ध्रुवपद यावे तसे. वाद शिक्षणाचा असो, पगाराचा असो, ते मध्येच येते आणि वादाला भानावर आणते.

पण पान उलटावे तो समोर येतो एक वृद्ध सेनापती, छातीवर पदकांची रांग. मग भालदार, मग विद्यापीठाची मिरवणूक, मग केसांचा टोप घातलेला न्यायाधीश, मग आर्चबिशप. खाली नावे नाहीत. ‘एक सेनापती’, ‘एक न्यायाधीश’ एवढेच. १९३८ च्या इंग्रज वाचकाला नावांची गरज नव्हती. सेनापती म्हणजे बालवीर चळवळीचे बेडन-पॉवेल, मिरवणुकीत केंब्रिजचे कुलपती स्टॅन्ली बाल्डविन, जे वर्षापूर्वीपर्यंत पंतप्रधान होते. सरन्यायाधीश ह्यूअर्ट आणि कँटरबरीचे लँग. वर्तमानपत्रात रोज दिसणारे हे चेहरे, नाव काढून घेतल्याबरोबर नमुने झाले. पतंगांच्या पेटीत टाचणीने लावलेल्या पतंगांसारखे.

आता प्रश्नाचे उत्तर आपसूक समोर येते. वाचकाला मृतांचे चित्र पाहायचे असते. लेखिका त्याच्या हातात मारणाऱ्या व्यवस्थेचे चित्र देते. ती म्हणते, तुम्ही प्रेतांकडे पाहून हळहळता. जरा या झग्यांकडे, या पदकांकडे, या मिरवणुकीकडे पाहा, आणि या दोहोंत काही नाते दिसते का ते सांगा. पोशाख, मान, अधिकाराची उतरंड, आणि त्या उतरंडीतून स्त्रियांना वगळण्याची सवय, यांतूनच युद्धाची इच्छा पोसली जाते असा तिचा दावा आहे. तो सर्वस्वी पटो वा न पटो. पण तो दावा शब्दांत अर्धा आहे आणि चित्रांत अर्धा. चित्रे काढून टाकली की उरतो तो नुसता उपदेश. आणि नेमके हेच झाले. ई. एम. फॉर्स्टर यांनी १९४१ मध्ये केंब्रिजच्या व्याख्यानात या पुस्तकाला त्यांच्या पुस्तकांतले सर्वांत निकृष्ट म्हटले. ज्युलियनचा धाकटा भाऊ क्वेंटिन बेल याने १९७२ च्या चरित्रात स्त्रियांचे हक्क आणि फॅसिझमचा धोका ही दोन धाग्यांची गाठ चुकीची ठरवली. त्यांनी चित्रे पाहिली असणारच. पण नंतरच्या दोन पिढ्यांतील पुष्कळ वाचकांनी ती पाहिलीच नाहीत आणि निवाडा मात्र तोच उचलला. ती गठडी पुन्हा सुटली ती अभ्यासकांनी सिद्ध केलेल्या अलीकडच्या आवृत्त्यांत. आपल्याकडेही दिवाळी अंकातली कथा पुस्तकात येते तेव्हा तिच्यासाठी काढलेली चित्रे अंकातच राहतात. त्याने कथेचे काय होते, हे कोणी तपासल्याचे मला ठाऊक नाही.

सुझन सोंटॅग यांनी २००३ मध्ये, दुसऱ्याच्या वेदनेकडे पाहण्याविषयीचा आपला ग्रंथ याच पुस्तकापासून सुरू केला आणि एक कठोर आक्षेप घेतला. वुल्फबाई म्हणतात की शिक्षण, संस्कार वेगळे असले तरी ही चित्रे पाहून तुम्हाला आणि आम्हाला एकच किळस वाटते. सोंटॅग विचारतात, हे ‘तुम्ही-आम्ही’ कोण? त्या प्रेतांकडे पाहून कोणी शस्त्रे टाकील, तर कोणी सूड घेण्यासाठी शस्त्र उचलील. कोणी मारले आणि कोणाला, हे सोडून केवळ ‘युद्ध वाईट’ एवढे वाचणे म्हणजे स्पेनच्या राजकारणाकडे पाठ फिरविणे होय. बाल्कनमधल्या लढाईत गोळाफेकीत मेलेल्या मुलांची तीच छायाचित्रे सर्ब आणि क्रोट, दोघांच्याही प्रचारसभांत फिरली, हा त्यांचा दाखला बिनतोड आहे.

या आक्षेपातला पहिला भाग मला मान्य आहे. त्या छायाचित्रांतली मुले स्पेनची होती, कोण्या अमूर्त युद्धाची नव्हती. पण दुसऱ्या भागात सोंटॅगबाई घाई करतात असे वाटते. तुम्हा-आम्हाला एकच वाटते, हे वाक्य वुल्फबाई पुस्तकाच्या आरंभी टाकतात ते पुढे मोडण्यासाठी. शेवटी त्या बॅरिस्टराला गिनी देतात, पण त्याच्या संस्थेत सामील होण्यास नकार देतात. आपण बाहेरच्या, बाहेरच राहू, असे सांगतात. ज्या घरात आपल्याला शिकू दिले नाही, मिळवू दिले नाही, त्या घराच्या वतीने ‘आपण’ म्हणायला त्या तयार नाहीत. ‘ऑर्लँडो’मध्ये खोट्या नावाने छायाचित्रे छापून ज्यांनी पुराव्याची खोडी काढली, त्यांना चित्राखालची ओळ बदलता येते हे कळत नव्हते, असे कसे म्हणावे?

हम्मबाईंनी या वादात एक वेगळीच बाजू पुढे ठेवली आहे. त्यांच्या मते छापलेली छायाचित्रे सार्वजनिक आहेत आणि न छापलेली स्मृतीची. मृतांची चित्रे पानावर नाहीत म्हणूनच ती लेखिकेच्या आणि वाचकाच्या शरीरात शिरतात; ती पाहिली जात नाहीत, आठवली जातात. जिने आईला आल्बमात सांभाळले तिला हा फरक माहीत असणार. मी यात आणखी एका गोष्टीची भर घालीन. छापखान्यात खिळे जुळविणारी ही बाई होती. छापलेले चित्र दुसऱ्यांदा पाहताना डोळा वेगाने सरकतो आणि तिसऱ्यांदा सरावतो, हे तिला हाताने ठाऊक होते. शब्दांत सांगितलेला पिंजरा मात्र प्रत्येक वेळी नव्याने टांगावा लागतो. आज आपल्यापैकी प्रत्येकाच्या खिशातल्या फोनवर कोठल्या ना कोठल्या शहराची पडकी घरे रोज येतात. ती आपण अंगठ्याने वर सरकवतो.

ज्युलियनविषयी पुस्तकात अवाक्षर नाही. बहिणीने मुलाची छायाचित्रे आपल्या आल्बमात जपली. मावशीने त्याला पुस्तकाबाहेर ठेवून सबंध पुस्तक त्याला उद्देशून लिहिले.

सप्टेंबर १९४० पासून लंडनवर बॉम्ब पडू लागले. टॅव्हिस्टॉक चौकातल्या ज्या घरात वुल्फ दांपत्य १९२४ पासून पंधरा वर्षे राहिले, जेथे ‘टू द लाइटहाउस’ लिहिले, ‘ऑर्लँडो’ लिहिले आणि ‘थ्री गिनीज’ही लिहिले, ते घर ऑक्टोबरमध्ये कोसळले. नवराबायको ते पाहावयास गेली. काय दिसले ते वुल्फबाईंनी दैनंदिनीत टिपून ठेवले आहे. सगळा राडारोडा, तळघरात वेताची एक जुनी खुर्ची तेवढी उरलेली, शेजारच्या घराचे काचेचे एक दार अधांतरी लोंबणारे. आणि जेथे बसून त्या लिहीत, त्या खोलीच्या भिंतीचा एक तुकडा अजून उभा होता.